कवडशाचे हसू

मित्रांनो, मी एक जुना आरसा आहे. भिंतीवरचा भलामोठा नव्हे. टेबलावर उभा करायचा, तुमच्या चित्रकलेच्या वहीएवढा. माझी लाकडी चौकट दोनदा बदलली आहे. मागचा टेकू कधीच मोडला आणि त्याच्या जागी आता पत्र्याची पट्टी आहे. खालच्या कोपऱ्यात काळे ठिपके पसरले आहेत, ते कसे आले तेही सांगेन. पण आधी तुम्हाला कवडशाविषयी सांगायला हवे. कवडसा म्हणजे कार्टूनमधला तो निळ्या मुखवट्याचा वीर, जो उजेडाच्या तिरिपीबरोबर कुठल्याही बंद खोलीत शिरतो आणि उडी घेण्याआधी ओठांचा एक कोपरा वर करून हसतो. ते हसू पडद्यावर येण्याच्या कितीतरी वर्षे आधी माझ्यात उमटले होते.

माझा जन्म एका काचेच्या दुकानात झाला. एका सलूनसाठी भिंतभर आरसा हवा होता. तो मापाला बसवताना एक तुकडा उरला, तो मी. काच कापतात असे आपण म्हणतो, पण खरे तर तिच्यावर फक्त एक बारीक रेघ ओढतात आणि खालून हलकेच ठोकतात. मग ती त्या रेघेवर आपणहून तुटते. दुकानाच्या मालकांनी मला तसेच वेगळे केले आणि माझ्या धारदार कडा घासून बोथट केल्या. माझे अंग काचेचे असले तरी दाखवण्याचे काम करतो तो काचेमागचा चांदीचा थर. तो तुमच्या केसापेक्षाही कितीतरी पातळ असतो, म्हणून त्याच्या पाठीवर रंगाचा लेप देतात. आरशाचे खरे नाजूकपण त्याच्या पाठीत असते, हे फार थोड्यांना ठाऊक आहे.

बरेच दिवस मी दुकानात खोक्यांच्या मागे पडून होतो. मालकांना एक मुलगी होती. तिचे खरे नाव शाळेच्या हजेरीत असेल. घरात सगळे तिला ठकी म्हणत. ती दुसरीत असताना एका सकाळी चूळ भरायला गेली, तर ओठांच्या डाव्या कोपऱ्यातून पाणी आपोआप गळू लागले.

"आई, बघ गं, ठकीचा नळ गळतोय!" तिचा दादा ओरडला. मग त्याने तिच्या चेहऱ्याकडे नीट पाहिले आणि त्याचे चिडवणे तिथेच थांबले. चेहऱ्याची डावी बाजू हलतच नव्हती. डावा डोळाही मिटत नव्हता.

डॉक्टर म्हणाले की चेहरा हलवणारी नस सुजली आहे. औषधाने सूज उतरेल, पण रोज आरशासमोर बसून चेहऱ्याचा व्यायाम करायला हवा. औषध ठकीने मुकाट्याने घेतले. आरसा म्हटले की मात्र ती पलंगाखाली जाऊन बसे. घरातला आरसा तिने पालथा घातला होता.

तेव्हा तिच्या बाबांना माझी आठवण झाली. त्यांनी मला चौकट बसवली, टेकू लावला आणि घरी नेले. पण तिच्यासमोर ठेवले नाही. ते खिडकीशी उन्हात जाऊन उभे राहिले आणि त्यांनी मला जरासे तिरके धरले. माझ्यातून उजेडाचा एक तुकडा निघाला आणि समोरच्या भिंतीवर थरथरू लागला. आधी भिंतीवर, मग कपाटावर, मग पलंगाखाली थेट ठकीच्या पायावर.

"हा कोण?" पलंगाखालून आवाज आला.

"हा होय? हा कवडसा. कुलपाबिलपाला जुमानत नाही. एवढीशी फट असली तरी आत शिरतो."

"मग तो पलंगाखाली कशाला आला?"

"एक मुलगी अडकलीय म्हणे इथे. सोडवायला आला असेल."

त्या दिवशी ठकी बाहेर आली आणि उजेडाच्या त्या तुकड्यामागे घरभर धावली. दुसऱ्या दिवशी बाबांनी सांगितले की कवडसा फुकट येत नाही, त्याच्यासाठी आधी व्यायाम करावा लागतो. त्यांनी तिला माझ्यासमोर बसवले आणि स्वतः तिच्या मागे उभे राहिले. माझ्यात एकाखाली एक असे दोन चेहरे दिसू लागले. जे ती करी तेच बाबाही करत.

"भुवया वर. गाल फुगव. शीळ घाल. आता हस."

"नाही येत."

"अर्धं येतंय ना? मग झालं तर. उरलेलं मागून येईल."

मित्रांनो, माझ्यात आजवर अनेक नट येऊन गेले, पण गाल फुगवलेल्या त्या काचवाल्या बाबांइतका गंभीर नट मी पाहिलेला नाही.

काही महिन्यांत ठकीचा चेहरा बरा झाला. फक्त एक गोष्ट राहून गेली. हसताना तिच्या ओठांचा उजवा कोपरा आधी वर जाई आणि डावा जरासा मागून येई. शाळेत काही मुलांनी तिचे नाव 'वाकडी' ठेवले. तेव्हापासून तिला हसताना तोंडावर हात धरायची सवय लागली. वर्गाच्या फोटोत ती मान वळवून उभी राही. माझ्यासमोर मात्र तिचा हात कधी तोंडाकडे गेला नाही. ती माझ्यात पाहून राग, भीती, आळस, जांभई असे नाना चेहरे करी आणि समोरच्या कागदावर ते उतरवी. दुसऱ्या मुलांना चेहरा असतो एवढेच माहीत होते. कुठला भाग कशाने हलतो हे तिला माहीत होते, कारण तिने तो एकेक करून परत मिळवला होता.

म्हणूनच मोठी होऊन ती एका कार्टूनच्या स्टुडिओत कामाला लागली, याचे मला मुळीच आश्चर्य वाटले नाही. त्या काळी कार्टून हाताने काढत. मोठे चित्रकार एखाद्या हालचालीची मुख्य चित्रे काढत. उडीची सुरुवात आणि उडीचा शेवट. त्यांच्यामधली सगळी चित्रे ठकीसारख्या नव्या लोकांनी भरायची. खालून दिवा लावलेल्या काचेच्या टेबलावर एकावर एक कागद ठेवून ते दिवसभर वाकून बसत. पहिल्याच दिवशी तिथल्या मुख्य चित्रकारांनी, ज्यांना सगळे मोठे सर म्हणत, नव्या लोकांना सांगितले, "उद्या येताना प्रत्येकाने घरून आरसा आणायचा. भाव बघायला नट कुठून आणणार? आपलं थोबाड आहे, फुकट आहे, ते वापरा."

अशा रीतीने मी नोकरीला लागलो. तिथे प्रत्येक टेबलावर माझा एक भाईबंद होता. कुणी बाहेरचा माणूस चुकून त्या खोलीत शिरला, तर आरशांकडे पाहून दात विचकणारी, डोळे वटारणारी शहाणी माणसे पाहून दारातूनच परत फिरे. मला ती खोली फार आवडे.

काही वर्षांनी स्टुडिओला स्वतःची एक वीरकथा करायची होती. ठकीने कवडसा सुचवला. मोठ्या सरांनी रेखाटन पाहिले. "मुखवटा कशाला?"

"डोळे काढायचे वाचतील, सर. काम लवकर होईल."

"हुशार आहेस. पण मग याचा सगळा अभिनय तोंडावर आला. तोंड जमलं नाही तर हा नुसता निळा खांब दिसेल, बघ."

ठकी माझ्यासमोर बसली. ती हसली आणि जे दिसले ते तिने कागदावर काढले. चित्राशेजारी एक बाण काढून तिने सूचना लिहिली: डावा कोपरा आधी, उजवा मागून.

मित्रांनो, इथे जरा थांबा. ठकीचा तर उजवा कोपरा आधी वर जाई, मग चित्रात डावा कसा आला? करून पाहा. आरशासमोर उभे राहून उजवा हात वर करा. आरशातला हातही उजव्याच बाजूला वर जाईल. आता असे समजा की आरशात तुमच्याकडे तोंड करून दुसराच कुणी उभा आहे. त्याचा तो हात डावा ठरेल. कागदावरचा कवडसा असाच ठकीकडे तोंड करून उभा होता. म्हणून समोरासमोर बसून तिच्याशी बोलणाऱ्या कुणालाही ते हसू तिचे आहे हे कळले नाही. त्यांना तिचे हसू ज्या बाजूने दिसे, त्याच्या उलट बाजूने कवडसा हसत होता. तिने कुणाला सांगितलेही नाही. ते गुपित तिचे आणि माझे होते. निदान मला तरी तसे वाटत होते.

कवडशाच्या मालिकेचा पहिला भाग लागला तेव्हा ठकी सुट्टी घेऊन घरी आली होती आणि माझी चौकट सैल झाल्यामुळे मीही तिच्या पिशवीतून आलो होतो. कवडसा पडद्यावर हसला. आईने टाळी वाजवली. बाबा एवढेच म्हणाले, "गडी छान हसतो हं," आणि चष्मा पुसू लागले. चष्मा बराच वेळ पुसत होते.

मग चांगली वर्षे आली. मुले अंगणात टॉवेल पाठीला बांधून कवडसा होऊ लागली आणि उडी मारण्याआधी ओठांचा डावा कोपरा वर करू लागली. ठकी आधी एका भागाची, मग साऱ्या मालिकेची दिग्दर्शिका झाली. लोक तिला ताई म्हणू लागले. दिग्दर्शिकेने फक्त खुर्चीत बसून सूचना द्यायच्या असतात असे काहींना वाटते. ही तर उठून, माझ्यासमोर उभी राहून, खलनायकासारखी गुरगुरून दाखवी. तिच्या श्वासाने मी धुरकट होई आणि ती बाहीने मला पुसून पुन्हा गुरगुरे. तिच्या नाकाचा ठसा तर माझ्यावर कायमचाच असे. मालिकेमागून दूरदर्शनसाठी पूर्ण लांबीचे दोन चित्रपट झाले. त्या दिवसांत मी एकदाही रिकामा बसलो नाही.

सगळेच दिवस तसे नसतात. सहा वीरांच्या टोळीवर तिने एक चित्रपट केला तो साफ आपटला. तिने मला भिंतीकडे तोंड करून ठेवले. किती दिवस मी रंगाचे पोपडे पाहत होतो कोण जाणे. शेवटी बाबा एकदा तिला भेटायला स्टुडिओत आले आणि काहीएक न विचारता त्यांनी मला सरळ केले.

"आरशाची पाठ अशी उघड्यावर ठेवू नये गं. ती नाजूक असते."

"बाबा, सिनेमा पडला."

"पडला तर पडला. सहाच्या सहा एकदम हसत होते त्यात, एकाच वेळी. पलटण वाटत होती. एकेकाला हसू दे की."

ठकीला आधी राग आला, मग हसू आले. उजवा कोपरा आधी, डावा मागून.

पुढे संगणक आले. कागद गेले, दिव्याची टेबले गेली, आणि प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आला. आता लोक स्वतःचे चेहरे त्यात टिपून घेऊ लागले. एकेक करून माझे भाईबंद टेबलांवरून नाहीसे झाले. मी ताईच्या खोलीतल्या कपाटावर गेलो, जुन्या फायलींच्या चळतीशेजारी. कुणीतरी माझ्याजवळ एक झाडाची कुंडी आणून ठेवली. तिला पाणी घालताना ते माझ्या चौकटीत झिरपत राहिले आणि कडेने माझ्या पाठीत शिरले. माझे काळे ठिपके ते हेच. दुखले असे म्हणणार नाही, पण तेवढ्या जागेत आता मला काहीच दिसत नाही.

अशात कवडशाचा मोठा चित्रपट करायचे ठरले, चित्रपटगृहात लागणारा, संगणकावर घडवलेला. त्यासाठी एक तरबेज तरुण आला. तो संगणकात मातीसारखे चेहरे घडवी, म्हणून सगळे त्याला मूर्तिकार म्हणत. त्याची पद्धत अशी होती की चेहऱ्याचा अर्धा भाग घडवायचा आणि मग एक आज्ञा द्यायची. उरलेला अर्धा तंतोतंत तसाच तयार होतो. त्या आज्ञेला ते लोक आरसाच म्हणतात. हे ऐकून मला कपाटावर बसल्या बसल्या वाईट वाटले. मी आजवर कुणाच्या अर्ध्या चेहऱ्यावरून उरलेला अर्धा ठरवलेला नाही.

मूर्तिकाराचा कवडसा देखणा होता. ओठांचे दोन्ही कोपरे एकाच क्षणी, एकाच उंचीवर जात. ताई कितीतरी वेळ पडद्याकडे पाहत राहिली.

"हा हसत नाहीये. दात दाखवतोय," ती म्हणाली.

चित्रपटाचे निर्माते शेजारच्या खुर्चीत सावरून बसले. "ताई, अहो, आधीचं वाकडं होतं. खेळण्यातल्या बाहुल्या करणाऱ्यांनी नमुना परत पाठवलाय. साचा चुकलाय का, म्हणून विचारतायत."

"चुकलेला नाहीये."

"मग तो तसा का हसतो, ते तरी सांगा. सोमवारी चेहरा पक्का करायचाय. एकदा लोक कामाला लागले की मला बदल करता येणार नाही. आणि 'मला बरं वाटतं' हे काही कारण झालं नाही."

कारण तिच्या ओठांवर होते, अगदी शब्दशः. पण तिने तोंडावर हात धरला आणि म्हणाली, "बघते."

शनिवारी दुपारी बाबा डबा घेऊन आले. आता ते खूप म्हातारे झाले होते आणि दुकान दादा सांभाळत होता. ताईने त्यांना नवा चेहरा दाखवला. त्यांनी डोळे बारीक करून पाहिले.

"अरेरे. तुझं हसू पुसलं की यांनी."

ताई दचकली. मीही दचकलो असतो, पण आरशाला ती सोय नाही.

"माझं? बाबा, माझा उजवा कोपरा आधी जातो. कवडशाचा डावा."

"ते समोरून बघणाऱ्यांना. मी कुठे तुझ्या समोर होतो? मी तुझ्या मागे उभा राहून आरशात बघत होतो. रोज. पहिल्या भागातच ओळखलं मी."

"मग बोलला का नाहीत इतकी वर्षं?"

"तू मुखवटा घातला होतास ना त्याला? दुसऱ्याचा मुखवटा आपण ओढायचा नसतो, ठके. ज्याचा त्याने काढायचा."

मग त्यांनी कपाटाकडे मान वर करून पाहिले. "आणि हा तिथे काय करतोय? कुंडीशेजारी? अगं, पाणी शिरलंय त्याच्या पाठीत!"

त्यांनी मला खाली उतरवले, कोरड्या फडक्याने पुसले आणि पत्र्याची पट्टी वाकवून नवा टेकू करून दिला.

सोमवारी मी बैठकीच्या लांब टेबलावर उभा होतो. निर्माते, मूर्तिकार आणि आणखी काही मंडळी आली. ताई माझ्यासमोर बसली आणि म्हणाली, "सगळे माझ्या मागे येऊन उभे राहा. माझ्याकडे बघू नका. आरशात बघा."

लहानपणी काय झाले होते ते तिने थोडक्यात सांगितले. मग ती हसायला गेली, पण सांगून हसू येते का कुणाला? ओठ नुसतेच ताणले गेले. माझ्या मनात आले, संपले, आता ही तोंडावर हात धरणार.

तिने हात धरला नाही. तिने भुवया वर केल्या. गाल फुगवले. शीळ घातली. बरोबर त्या जुन्या क्रमाने. एवढी मोठी दिग्दर्शिका बेडकासारखे गाल फुगवून बसलेली पाहून निर्मात्यांना फिस्सकन हसू फुटले. ते माझ्यात पाहून ताईलाही हसू आले. एक कोपरा आधी, दुसरा मागून.

"अहो! हा तर आपला कवडसा!" मूर्तिकार ओरडला. तो पुढे वाकला, तिच्या समोर गेला, पुन्हा मागे येऊन माझ्यात पाहू लागला. "समोरून नाही दिसत. इथून दिसतो. ताई, परत हसा ना एकदा. दुसरा कोपरा नक्की किती मागून येतो ते मला बघू दे."

निर्माते दाराशी उभ्या असलेल्या व्यवस्थापकांना म्हणाले, "बाहुलीवाल्यांना कळवा. साचा बरोबर होता."

चित्रपट कसा झाला ते मला विचारू नका, आरशाला कोण सिनेमाला नेतो? पण बाबा जाऊन आले आणि परत येताना माझ्यासमोर थांबून त्यांनी गाल फुगवून दाखवले, त्यावरून मी समजलो. आता बाबा नाहीत. मूर्तिकाराने मध्यंतरी माझी काच बदलायचे सुचवले होते. ताई म्हणाली, "ठिपक्यांच्या बाजूला राहून बघायचं. जागा आहे भरपूर." चित्रकारांच्या त्या खोलीत आता नव्या मुलांच्या टेबलांवर पुन्हा आरसे दिसू लागले आहेत. बाहेरची माणसे पुन्हा दारातून परत फिरतात.

मित्रांनो, माझे मागणे मोठे नाही. आरसा पुसताना ओले फडके कडेला नेऊ नका आणि त्याची पाठ खरवडू नका. कुणाचा चेहरा तुमच्यापेक्षा वेगळा हलत असेल, तर त्याला नाव ठेवण्याआधी तो कुठून परत आला आहे हे तुम्हाला ठाऊक नाही, एवढे लक्षात असू द्या. आणि कधी घरात कुणी आरशासमोर रडवेले होऊन बसलेले दिसले, तर समजूत काढायला त्याच्या समोर येऊ नका. त्याच्या मागे जाऊन उभे राहा आणि गाल फुगवा. एका वेळी दोन चेहरे दाखवायला माझ्यात जागा असते.